रक्ताचं जमा-नावे

बँकेत नोकरीला लागलेल्या माणसाला रक्ताविषयीच्या दोन गोष्टी पहिल्या आठवड्यातच कळतात. काउंटरबाहेर उभं असलेलं गिऱ्हाईक म्हणतं, "तुम्ही लोक आमचं रक्त पिता." आणि काउंटरच्या आत बसलेला कारकून म्हणतो, "या गिऱ्हाइकांनी आमचं रक्त आटवलं." दोघांचंही खरं मानलं तर एकीकडून प्यायलेलं रक्त दुसरीकडून आटतं, शिल्लक शून्य राहते आणि ताळेबंद जुळतो. ताळेबंद जुळला की खोलात शिरायचं नाही, एवढं मला बी.कॉम.नं शिकवलेलं आहे.

आपल्या भाषेत रक्त कधी स्वस्थ म्हणून बसत नाही. ते तरुणपणी सळसळतं, अन्याय पाहून उसळतं, भुताच्या गोष्टीनं गोठतं, मुलांच्या शिक्षणापायी आटतं आणि पोटासाठी त्याचं पाणी होतं. इतक्या अवस्था जिनं पाहून ठेवल्या त्या भाषेलाही एक गोष्ट सुचली नव्हती. ती म्हणजे हेच रक्त एक दिवस पिशवीत भरून, वर चिठ्ठी चिकटवून फ्रीजमध्ये ठेवतील आणि त्या फ्रीजला बँक म्हणतील.

हे नाव शिकागोच्या कुक काउंटी हॉस्पिटलातल्या बर्नार्ड फँटस या डॉक्टरनं १९३७ साली दिलं. आपण त्याची 'रक्तपेढी' केली. पेढी म्हटलं की गादी, चोपडी आणि लोडाला टेकलेले शेठजी डोळ्यांपुढे येतात. पण त्या पेढीवर जाऊन जे करायचं त्याला मात्र आपण 'रक्तदान' म्हणतो. आता दान काही कुणी पेढीवर करत नाही. पेढीवर ठेव ठेवतात. मग आपण तिथे बाही वर सारून आडवे होतो ते दान करायला की ठेव ठेवायला? दान असेल तर ते कुणाला? ठेव असेल तर ती परत कुणाकडे मागायची? मी गेली वीस वर्षं लोकांच्या ठेवी घेतो आहे, म्हणून जरा अधिकारानं विचारतो.

तसे या पेढीचे नियम आमच्या बँकेला लाजवतील असे आहेत. वय अठरा ते पासष्ट हवं. वजन पंचेचाळीस किलोच्या खाली नको. हिमोग्लोबिन साडेबाराच्या वर हवं. आमच्याकडे पैसे भरायला आलेल्याचं वजन अजून तरी कुणी करत नाही. एका वेळी साडेतीनशे किंवा साडेचारशे मिलिलिटर, बस्स. त्यानंतर पुरुषाला तीन महिने आणि बाईला चार महिने पुन्हा भरता येत नाही. ठेव घ्यायला नकार देणारी दुसरी पेढी माझ्या पाहण्यात नाही. आणि मुदत म्हणाल तर लाल पेशींची पस्तीस ते बेचाळीस दिवस, प्लेटलेट्सची जेमतेम पाच. आमच्याकडे मुदत भरली की रक्कम वाढते, तिथे मुदत भरली की फेकून देतात! शिवाय पासबुक नाही, वारसाचं नामनिर्देशन नाही. आणि तरीही लोक येतात, झोपतात, ग्लुकोजची दोन बिस्किटं खाऊन घरी जातात. अर्थशास्त्राच्या आमच्या प्राध्यापकांना हे सांगितलं असतं तर त्यांनी खडू खाली ठेवला असता.

बाकी रक्ताचा आणि हिशेबाचा संबंध जुनाच. गेलन या ग्रीक वैद्यानं सांगून ठेवलं होतं की आपण जेवतो त्याचं यकृतात रक्त होतं आणि ते शरीरभर जाऊन खर्च होतं. दीड हजार वर्षं डॉक्टर लोक यावर माना डोलावत होते. मग विल्यम हार्वे नावाच्या इंग्रज डॉक्टरनं साठ्याची तपासणी करायचं ठरवलं. हृदयाच्या एका ठोक्याला अगदी थोडंसं रक्त बाहेर पडतं असं धरलं, तरी अर्ध्या तासात सबंध शरीरात असतं त्याहून जास्त रक्त बाहेर गेलेलं दिसतं. मग एवढा माल येतो कुठून? कितीही खादाड माणूस घेतला तरी तो अर्ध्या तासात इतकं जेवणार कसा? तेव्हा माल नवा येत नाही, तोच तो फिरतो. १६२८ साली हार्वेनं हे छापलं. जगातला हा पहिला ऑडिटर ज्याच्यामुळे कुणाची बढती अडली नाही.

रक्त फिरतं म्हटल्यावर ते एकाचं दुसऱ्याला वळतं करायची कल्पना निघणारच. १६६७ साली पॅरिसमध्ये झाँ-बाप्तिस्त दनी या डॉक्टरनं पंधरा वर्षांच्या एका मुलाला कोकराचं रक्त दिलं. ते इतकं थोडं होतं की मुलगा वाचला. मग डोकं फिरलेल्या एका माणसाला वासराचं रक्त दिलं. वासरू गरीब स्वभावाचं, तेव्हा त्याच्या रक्तानं रोगीही गरीब होईल, असा हिशेब. काही दिवसांनी तो माणूस गेला. खटला चालला, त्यातून विषप्रयोगाचा संशय त्याच्या बायकोवर आला आणि डॉक्टर सुटला. पुढे फ्रान्समध्ये हा प्रकारच बंद पाडण्यात आला. इकडे रक्त काढून घेण्याचा धंदा मात्र जोरात होता. एकट्या १८३३ साली फ्रान्सनं चार कोटींच्या वर जळवा आयात केल्या. भरणा बंद, काढणं चालू! अशी शाखा किती दिवस तग धरणार?

भरणा नीट सुरू झाला तो कार्ल लँडस्टायनरमुळे. व्हिएन्नाच्या प्रयोगशाळेत त्यानं स्वतःचं आणि सहकाऱ्यांचं रक्त घेऊन याचं त्यात, त्याचं यात मिसळून पाहिलं. काही जोड्या जमल्या, काहींच्या गुठळ्या झाल्या. एका कचेरीत काम करणाऱ्यांचं आपसांत जमत नाही हे आपल्याला ठाऊक होतंच. त्यांच्या रक्तांचंही जमत नाही, हे त्यानं १९०१ साली सिद्ध केलं आणि १९३० साली त्याबद्दल नोबेल पारितोषिक मिळवलं. आमच्या कचेरीत अशीच भांडणं रोज लागतात, पण नोबेल सोडा, जादा वेळेचा भत्ताही मिळत नाही.

लँडस्टायनरच्या शोधात एक गोम आहे. हे गट घराणं पाहून पडत नाहीत. 'ए' गटाचे वडील आणि 'बी' गटाची आई यांच्या पोटी 'ओ' गटाचं मूल येऊ शकतं. म्हणजे ज्याच्या नावानं आपण 'रक्ताचं नातं' म्हणतो त्या बापाचं रक्त मुलाला द्यायला गेलं तर मुलगा दगावायचा, आणि स्टँडवरच्या रिक्षावाल्याचं मात्र बिनतक्रार चालायचं.

पण गोष्टी रचणाऱ्यांना हे सांगायचं कुणी? त्यांच्या लेखी रक्त म्हणजे माणूसच. रक्तबीजाच्या प्रत्येक थेंबातून तसाच राक्षस उभा राहायचा. शेक्सपिअरच्या शायलॉकनं दस्तात एक पौंड मांस लिहून घेतलं आणि रक्ताचा उल्लेख करायला विसरला, तिथेच दावा बुडाला. आमच्या कर्ज खात्यात उमेदवारी केली असती तर 'सदर मांसाच्या अनुषंगाने निघणारे रक्त व तत्सम द्रव यांसह' असं कलम त्यानं झोपेतसुद्धा घातलं असतं. १८९७ साली आलेल्या ब्रॅम स्टोकरच्या 'ड्रॅक्युला'त ल्यूसी नावाच्या मुलीला चार पुरुष एकामागून एक रक्त देतात. लँडस्टायनरला अजून चार वर्षं अवकाश, त्यामुळे गट कुणी विचारीत नाही. ल्यूसी ड्रॅक्युलामुळे गेली असं लेखक म्हणतो, आजचा पॅथॉलॉजिस्ट वेगळी चौकशी लावील. तिच्या वाग्दत्त वराला वाटतं की आपलं रक्त तिच्या अंगात गेलं, म्हणजे आपलं लग्नच लागलं. बाकीचे तिघे शहाणपणानं गप्प बसतात. आणि १९७७च्या 'अमर अकबर अँथनी'त तिघा भावांचं रक्त तीन नळ्यांतून एकाच बाटलीत चढतं आणि तिथून थेट आईच्या अंगात. गुरुत्वाकर्षण आणि लँडस्टायनर दोघंही बाहेर उभे! तरी गणपतीत पडद्यावर तो सिनेमा लागला की त्या प्रसंगाला आमच्या चाळीत कुणी हसत नसे. उलट नाक ओढल्याचे आवाज यायचे. तिन्ही मुलं तीन धर्मांत वाढली तरी रक्त एक, हे सगळ्यांना पटायचं. ते एक नसतं तरी चाललं असतं, असं मात्र कुणाच्या मनात येत नसे.

सौ.च्या मामांच्या मनात तर नाहीच नाही. मामांकडे सात पिढ्यांची वंशावळ आहे, चौकटीत बसवलेली. "आपल्या रक्तात खोट नाही," हे वाक्य ते जावयाच्या पहिल्या भेटीत म्हणतात आणि मग जावयाकडे पाहत राहतात. त्यांच्या धाकट्या पुतणीनं जातीबाहेर लग्न केलं तेव्हा मामा लग्नाला गेले नाहीत. राग नव्हता त्यांचा, ते म्हणत, फक्त रक्ताचा प्रश्न होता.

दोन वर्षांपूर्वी मामांचं मोठं ऑपरेशन ठरलं. इस्पितळानं सांगितलं, चार बाटल्या लागतील, तेवढे दाते आणून रक्तपेढीत भरणा करा. घराण्यात फोन फिरले. एका भाच्याला नेमकी ॲसिडिटी झाली. एकाची संकष्टी होती. एका पुतण्याच्या बायकोनं कळवलं, "ह्यांना मुळातच रक्त कमी आहे." हा पुतण्या पंगतीत जिलबीवर कसा बसतो हे मी पाहिलेलं आहे. मामांचे चिरंजीव परगावाहून म्हणाले, "पैशाची काळजी करू नका. कितीही लागू दे, विकत घ्या."

विकत! हा शब्द ऐकून माझ्यातला कॉमर्सचा पदवीधर जागा झाला. वस्तू दुर्मिळ असेल तर तिला भाव द्यावा, भाव चढला की पुरवठा वाढतो, हे आमच्या पुस्तकात पहिल्याच धड्यात होतं. मग रक्तालाच का नाही? रिचर्ड टिटमस या इंग्रज विचारवंतानं १९७० साली यावर सबंध पुस्तक लिहिलं. नुसतं द्यायला येणाऱ्यांच्या इंग्लंडची त्यानं पैसे घेऊन रक्त देणाऱ्यांच्या अमेरिकेशी तुलना केली. त्याचं म्हणणं असं की भाव लावला की माल खराब येतो आणि नुसतं द्यायला येणारेही हळूहळू यायचे थांबतात. पुष्कळ अर्थशास्त्र्यांनी त्याच्याशी वाद घातला. पण त्यातला पहिला भाग समजायला अर्थशास्त्र लागत नाही, कर्जाचा अर्ज वाचता आला की पुरे. ज्याला पैशाची निकड आहे तो 'इतर कर्जे' या रकान्यात 'नाही' लिहितो. तसाच ज्याला रक्त विकून संध्याकाळची चूल पेटवायची आहे तो 'कावीळ झाली होती का' या प्रश्नालाही 'नाही' म्हणतो. त्याला दोष कसा देणार? ज्यानं भाव लावला त्यानंच त्याला खोटं बोलायचं मोल दिलेलं असतं. आपल्याकडेही रक्त विकून जगणारी माणसं होती. दर काही दिवसांनी तीच ती फिकट माणसं. १९९६ साली सर्वोच्च न्यायालयानं आदेश दिला आणि १ जानेवारी १९९८ पासून हा व्यवहार देशात बंद झाला. आता तपासणीचा आणि साठवणीचा खर्च घेतात, रक्ताची किंमत घेत नाहीत. म्हणजे पेढी आहे, काउंटर आहे, पावतीसुद्धा मिळते, पण माल विक्रीला नाही.

तेव्हा मामांसाठी माणसंच उभी करायला हवी होती. एक बाटली मी दिली. दुसरी आमच्या युनियनच्या सेक्रेटरीनं. त्यानं जाता जाता मॅनेजमेंटच्या निषेधाचं एक पत्रकही माझ्या हातात दिलं. तिसरी बँकेच्या कँटीनमधल्या पोऱ्यानं दिली. परवाच अठरा पुरी झाली, असं तो आपण होऊन सांगत होता, जणू त्या दिवसाचीच वाट पाहत होता. चौथी देणारा सकाळी साडेसातलाच येऊन रांगेत बसला होता. तो त्या पुतणीचा नवरा.

अर्थात आमचं रक्त मामांना गेलं नाही. आमचं पेढीत जमा झालं आणि मामांना फ्रीजमधलं दुसऱ्याच चौघांचं मिळालं. त्यातही वैद्यकशास्त्राची एक गंमत आहे. अगदी जवळच्या नातेवाइकाचं रक्त द्यायची वेळ आली तर आधी त्या पिशवीवर किरणांचा मारा करतात. कारण नात्यातल्या पेशी इतक्या सारख्या असतात की रोग्याच्या शरीराला कधीकधी त्या परक्या वाटतच नाहीत. त्या आत मुक्काम ठोकतात आणि मग घरमालकावरच उलटतात. फार क्वचित घडतं, पण घडलं तर जिवावर बेततं. डॉक्टरांनी याला मोठं लांबलचक नाव दिलं आहे. आपल्याकडे त्याला भाऊबंदकी म्हणतात.

शुद्धीवर आल्यावर मामांनी नर्सला विचारलं, "कुणाचं रक्त दिलंत?" तिनं पिशवीवरची चिठ्ठी वाचून दाखवली. नंबर, गट, काढल्याची तारीख, मुदत संपायची तारीख. "आणि नाव?" "नाव नसतं, आजोबा." मामा छताकडे पाहत राहिले. आडनाव नाही, गाव नाही, कुळ नाही. अमेरिकेत रेडक्रॉसनं १९४२ पासून काळ्या दात्यांचं रक्त निराळं ठेवायचा उद्योग आरंभला होता. तो १९५० साली सोडून दिला. त्या आठ वर्षांत त्या पिशव्यांतल्या रक्तानं स्वतः काही फरक केल्याचं ऐकिवात नाही. फरक करायला चिठ्ठी लागते. आमच्या मामांच्या पिशवीवर नेमकी तीच जागा कोरी होती.

आता मूळ प्रश्नाकडे येतो. दान की ठेव? गीतेच्या सतराव्या अध्यायात दानाच्या तीन प्रती लावल्या आहेत. ज्याच्याकडून परतफेडीची आशा नाही त्याला द्यायचं म्हणून दिलेलं ते सात्त्विक, फळावर डोळा ठेवून दिलेलं ते राजस आणि अवमान करून दिलेलं ते तामस. या फूटपट्टीनं मोजायला गेलं तर चौकाचौकात साहेबांच्या वाढदिवसाची 'भव्य रक्तदान शिबिरं' लागतात ती फलकाच्या आकारावरूनच राजस ठरतील. आमचे एक सहकारी अर्ध्या दिवसाच्या रजेसाठी रक्त देतात आणि ते लपवीतही नाहीत. पुराणातल्या दात्यांचं तरी काय? कर्णानं अंगावरून कवचकुंडलं सोलून दिली, पण घेणारा कोण हे त्याला माहीत होतं, आणि इंद्रानं बदल्यात शक्ती दिली. शिबीनं मांडीचं मांस तोडून तराजूत टाकलं, तर देव प्रसन्न होऊन सगळं होतं तसं झालं. रक्तपेढीत शेवटी देव प्रकट होत नाहीत. बिस्किटाचा पुडा प्रकट होतो.

मला वाटतं, देणाऱ्याच्या हेतूचं ऑडिट करण्यात अर्थ नाही. कारण या व्यवहाराची रचनाच अशी की त्यात राजस माणसालाही सात्त्विक व्हावं लागतं. फलक लावा, रजा घ्या, प्रमाणपत्र चौकटीत बसवा, घेणारा कोण ते तुम्हाला कळत नाही. तुम्ही त्याच्यावर उपकार चढवू शकत नाही. तो भेटला तर "ओळखलंत का?" म्हणू शकत नाही. तुमच्या वैऱ्यालाही ते गेलेलं असेल. देणाऱ्याची थोरवी मोडून काढणारं इतकं पक्कं दान मी दुसरं पाहिलेलं नाही.

अवघड जागा आहे ती घेणाऱ्याची. ती मामांनीच मला दाखवली. ऑपरेशनला चार महिने झाल्यावर एका संध्याकाळी ते आपणहून म्हणाले, "लाल पेशी एकशेवीस दिवस जगतात. डॉक्टरांना विचारून घेतलं मी. म्हणजे आलेलं सगळं गेलं. आता अंगात आहे ते आपलंच." हिशेब बरोबर होता. शरीर सेकंदाला वीस लाखांहून जास्त नव्या लाल पेशी घडवत असतं. मी म्हटलं, "मुद्दल फिटलं, मामा. पण मधल्या चार महिन्यांचं व्याज?"

"व्याज?"

"त्या एकशेवीस दिवसांत तुम्ही जगलात. नातवाची मुंज पाहिलीत. ते कुणाच्या रक्तावर?"

मामा बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "द्यायला ना नाही रे. पण कुणाला द्यायचं?"

एवढा प्रामाणिक प्रश्न आमच्या वसुली खात्यात कुणी कधी विचारलेला नाही. तिथे धनको पुढे आणि ऋणको फरारी असतो. इथे ऋणको पैसे घेऊन उभा आणि धनकोचाच पत्ता नाही. आणि मामांचं वय पाहता पेढीही त्यांची ठेव घेणार नाही.

ऑस्ट्रेलियात जेम्स हॅरिसन नावाचा एक गृहस्थ होऊन गेला. चौदाव्या वर्षी छातीच्या मोठ्या शस्त्रक्रियेत त्याला तेरा बाटल्या परकं रक्त लागलं. ते कुणाचं हे त्यालाही कळलं नाही. मग त्यानं ठरवलं की दिलं ज्यांनी ते सापडत नाहीत, तर ज्यांना हवं त्यांना देऊ. १९५४ साली सुरुवात केली. त्याच्या रक्तात एक दुर्मीळ प्रतिपिंड निघालं. ज्या आईचा आरएच गट निगेटिव्ह आहे तिच्या पोटातल्या बाळाला वाचवणारं इंजेक्शन त्यापासून करतात. वयाची अट आड आली तेव्हा, २०१८ साली, तो एक्क्याऐंशी वर्षांचा होता आणि त्यानं १,१७३ वेळा देणं दिलेलं होतं. चोवीस लाख बाळांना त्याचा लाभ झाला, असं तिथला रेडक्रॉस सांगतो. सुईची त्याला भीती वाटे. सुई टोचताना तो दर खेपेस दुसरीकडे पाही. २०२५ साली तो गेला. तेरा बाटल्यांचं कर्ज इतकं फेडल्यावर त्याला कर्ज म्हणायचं की काय म्हणायचं, ते मला सांगता येत नाही.

आणि आपल्या मुंबईनं तर या शास्त्रात आपल्या नावाचा गटच दिला आहे. १९५२ साली डॉ. भेंडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तो शोधला. साध्या तपासणीत तो 'ओ'सारखा दिसतो, पण 'ओ'चं रक्त या माणसाला चालत नाही. याला लागतं ते याच गटाचं, आणि हा गट आपल्याकडे दहा हजारांत एखाद्याचा. वंशावळ पाहून तो सापडत नाही, यादी पाहून सापडतो. रात्री-अपरात्री कुठल्याशा गावाहून फोन येतो आणि त्या यादीतला माणूस गाडी पकडतो. लोकलमध्ये चौथी सीट द्यायला आढेवेढे घेणारं शहर ते हेच!

मामा हल्ली काय करतात? वंशावळ अजून भिंतीवर आहे. माणूस काही एका ऑपरेशननं बदलत नाही. फक्त पुतणीचा नवरा आला की मामा आपल्या शेजारची खुर्ची रिकामी करतात आणि त्याच्या पानात आग्रहानं दुसरी पोळी वाढायला सांगतात. "रक्त भरून यायला हवं त्याचं," असं सौ.ला म्हणाले. दोन वर्षं झाली, एव्हाना भरून आलं असेल, हे मी बोललो नाही. धनको सापडत नसला की माणूस मिळेल त्या खात्यात भरणा करतो, आणि तो नाकारू नये, हे नोकरीत शिकलोय.

आमच्या चोपडीत दोन बाजू असतात, जमा आणि नावे. एकाच्या जमेला रक्कम टाकली की दुसऱ्या कुणाच्या तरी नावे ती पडलीच पाहिजे, नाहीतर रात्री घरी जाता येत नाही. रक्ताच्या पेढीतही जमा आहे आणि नावेही आहे. फक्त 'नावे'च्या बाजूला कुणाचंच नाव नाही. आणि तरीही तो हिशेब जुळतो.